अधिकृत सूर्य

१२ मार्च, मंगळवार

तोरिकावहिनीला आज होडीत घालून मोठ्या बेटावरच्या इस्पितळात नेलं. रविवारी दुपारी तिच्या घरची वीज गेली. गेली म्हणजे आधी भरलेले पैसे संपले. लगून पॉवर कंपनीचा मीटर पैसे संपत आले की तीनदा टिवटिव करतो आणि मग गप्प होतो. रविवारी कंपनीची खिडकी बंद. सोमवारी खिडकी उघडी, पण खिडकीतला माणूस धक्क्यावर मासे घ्यायला गेलेला. तोवर फ्रिज कोमट झाला आणि वहिनीचं इन्शुलिन खराब झालं. टाकून कसं द्यायचं म्हणून तेच तिनं टोचून घेतलं, आणि आज सकाळी चूल पेटवताना खाली बसली ती उठेचना.

संतापानं माझं डोकं ठणकतंय. आमच्या बेटावर ऊन एवढं की अंगणात पसरलेलं खोबरं बघता बघता वाळतं. आणि आम्ही वीज घेतो ती धक्क्यावर धूर ओकणाऱ्या डिझेलच्या इंजिनाची, लगून पॉवर म्हणेल त्या भावानं. स्वतःच्या छपरावर पॅनेल लावायचं म्हटलं तर त्यालाही कंपनीची परवानगी. ती कधीच मिळत नाही. सूर्य काय यांच्या बापाचा आहे?

मी ठरवलं आहे. गावातर्फे हा लढा मी लढणार. तीस वर्षं राजधानीत, सुवाला, कस्टमच्या कचेरीत काढली, सरकारी भाषा मला येते. संध्याकाळपासून अर्जाचा मसुदा लिहितो आहे. पहिलं वाक्य फारच झकास उतरलं आहे.

बायको उनाइसी म्हणाली, "इनोकेचे बाबा, उद्या पहिल्या होडीनं वहिनींना बघायला जाऊ या."

मी म्हटलं, "तू जा. मी त्यांच्यासाठीच तर लिहितोय."

१७ मार्च, रविवार

वहिनी परत आली. चेहरा उतरलाय, पण बोलणं तसंच खणखणीत.

प्रार्थनेनंतर गावप्रमुख लिवाईच्या ओसरीत सभा झाली. ठरलं ते असं: महिला मंडळानं सगळ्या घरांसाठी एकदम पॅनेल मागवायची, म्हणजे स्वस्त पडतील, आणि त्याआधी कंपनीकडून परवानगी मिळवायची. परवानगी मिळवण्यासाठी सौर समिती. समितीला अध्यक्ष हवा.

आपोरोसा उठला. "सेतारेकीला करा. त्याला मासे धरता येत नाहीत, डालोचे कंद लावता येत नाहीत, सुवाहून आल्यापासून तो फक्त इस्त्री केलेला सुलू नेसून फिरतो. बिचाऱ्याला काहीतरी काम द्या."

सगळी ओसरी हसली. आपोरोसा माझा आतेभाऊ, आणि आतेभाऊ-मामेभावांनी एकमेकांची वाटेल तशी टिंगल करायची आणि रागवायचं नाही, हा आमच्याकडचा रिवाज. तो मला अजून 'सुवाचे साहेब' म्हणतो. मी रागावलो नाही. एकमतानं निवडून आलो, ही गोष्ट महत्त्वाची.

२ एप्रिल, मंगळवार

कंपनीच्या मॅनेजरला भेटलो. रुसियाते नाव. मला वाटलं होतं उर्मट असेल. पण चहा दिला, क्रीमची बिस्किटं दिली, पंखा माझ्याकडे वळवला.

म्हणाला, "साहेब, तुमची कळकळ पटते मला. पण विचार करा. ज्याला परवडतं तो पॅनेल लावेल आणि मोकळा होईल. मग तारा, खांब, इंजिन सांभाळायचं कुणी? गरिबाच्या घरचा दिवा कोण लावणार?"

एवढा निलाजरेपणा मी कस्टममध्येसुद्धा पाहिला नव्हता. गरिबाच्या घरचा दिवा म्हणे! वहिनीच्या घरचा दिवा तीनदा टिवटिव करून विझला तेव्हा हा कुठे होता? हे सगळं मी त्याच्या तोंडावर बोललो असतो, पण तेवढ्यात त्यानं मी कस्टममध्ये कोणत्या हुद्द्यावर होतो ते विचारलं. सांगितल्यावर तो उठून उभा राहिला आणि पुन्हा हात मिळवला.

माणूस कंपनीचा असला तरी कुळशील चांगलं दिसतं.

२५ एप्रिल, गुरुवार

अर्ज नामंजूर. कारण एकाच ओळीत.

मग आम्ही आमच्या पद्धतीनं गेलो. यांगोनाच्या मुळ्यांची चांगली जाडजूड जुडी घेतली आणि अख्खं गाव कंपनीच्या कचेरीत जाऊन फरशीवर बसलं. रीतसर केरेकेरे. आपल्या माणसानं जुडी पुढे ठेवून काही मागितलं की नाही म्हणता येत नाही. नाही म्हणणाऱ्याला पुन्हा कुणी माणसात धरत नाही. रुसियातेही आपल्याच बेटांवरचा. लिवाईनं जुडी पुढे सरकवली आणि पॅनेलची परवानगी मागितली.

रुसियातेनं जुडी उचलली, कपाळाला लावली. महिला मंडळातल्या बायकांच्या डोळ्यांत पाणी आलं. मग त्यानं तिथेच यांगोना कुटायला लावली, कालवली, आणि दुपार कलेपर्यंत करवंटीमागून करवंटी आमच्याबरोबर प्याला. टाळ्या वाजवल्या, आजोबांच्या गोष्टी सांगितल्या, आमच्या गावाशी आपलं चुलत नातं कसं लागतं तेही शोधून काढलं. परवानगीचं नाव काढलं नाही. आमच्या जिभा जड होऊन गेल्या आणि कुणाला पुन्हा विचारायचं सुचेना.

निघताना त्यानं मला एकट्याला आत बोलावलं. म्हणाला, "गावाचा शब्द मी मोडणार नाही. पण सगळ्या घरांना एकदम नाही देता येत. प्रयोग म्हणून एका घराला देतो. जबाबदार माणूस हवा. शिकलेला."

मी गावात अशा माणसाचा विचार करू लागलो. एक बिस्किट संपेपर्यंत विचार केला. दुसरं नाव खरंच सुचलं नाही.

२८ एप्रिल, रविवार

गावाला सांगितलं. लिवाई म्हणाला, सुरुवात झाली हे बरं.

वहिनी म्हणाली, "भाऊजी, एक दार उघडलं, देवाची कृपा. बाकीची कधी उघडणार?"

"हळूहळू, वहिनी. आधी प्रयोग सफल झाला पाहिजे."

आपोरोसा म्हणाला, "दार सुवाच्या साहेबाच्या मापाचं केलंय वाटतं. बाकीच्यांना पोट आत घ्यावं लागेल."

२० जून, गुरुवार

आज पॅनेल बसली! पेन्शनीतून मिळालेली सगळी रक्कम घातली, पण घातली ती दणकून. अर्धं छप्पर नव्हे, अख्खं छप्पर. मागच्या खोलीत बॅटऱ्यांची रांग. उनाइसी विचारते, दोन माणसांच्या घराला एवढं कशाला? तिला प्रयोग म्हणजे काय ते कळत नाही.

फाटकावर कंपनीनं पितळी पाटी लावून दिली: अधिकृत ग्रामपुरवठादार. रुसियातेची सूचना अशी की उरलेली वीज मी शेजाऱ्यांना दिली तर कंपनीची हरकत नाही. कंपनीला त्यातला थोडा वाटा पोचवायचा. करार दहा वर्षांचा. त्यात एक अट आहे की गावात पुरवठादार असेपर्यंत त्याच्या कुठल्याही ग्राहकाला पॅनेलची परवानगी मिळणार नाही. क्षणभर मी थबकलो, हे इथे प्रामाणिकपणे लिहून ठेवतो. पण नंतर वाटलं, गावाला हवी होती स्वस्त वीज. ती माझ्याकडून मिळणार असेल तर प्रत्येकानं छपरावर चढायची गरजच काय?

ही अट सभेत सांगायचं राहून गेलं. तेवढ्यात जेवणं वाढली होती.

३ जुलै, बुधवार

पहिला आला आपोरोसा, जुडी घेऊन. दारात मांडी घालून बसला, रीतसर टाळ्या वाजवल्या, आणि मासे ठेवायच्या फ्रीझरसाठी एक वायर मागितली. मला केवढं समाधान वाटलं! सुवाहून परत आल्यापासून पहिल्यांदा गावानं माझ्याकडे काही मागितलं. इस्त्रीचा सुलू मागितला नव्हता कधी कुणी.

मग लिवाई आला. मग पाद्रीबुवांची बायको. मग सगळेच. कुणाला नाही म्हणणार? घराभोवती वायरींचं असं जाळं झालंय की कोंबड्या अडखळून पडतात. वहिनीच्या घरी मी स्वतः वायर नेऊन जोडली. तिनं फ्रिज उघडला, आत हात घातला आणि तिथेच थांबून राहिली.

"गार झालं की हो, भाऊजी," म्हणाली.

माझं नाव निघालं की गाव आता आभाराचं 'विनाका' म्हणतं.

१३ जुलै, शनिवार

आज रग्बीचा सामना. गावातला प्रत्येक टीव्ही चालू, प्रत्येकाची किटली चालू, आणि लिवाईच्या सुनेनं नेमका आजच इस्त्रीचा गठ्ठा काढला. सामना संपायला थोडा अवकाश असताना आणि आपण मागे असताना बॅटऱ्या बसल्या. अख्ख्या गावातून एकच हाक आली: "सेतारेकी!" अशी हाक माझ्या वडिलांनीसुद्धा कधी मारली नव्हती.

आपण जिंकलो का, हे कुणालाच माहीत नाही. मला नियम करावे लागणार.

१९ जुलै, शुक्रवार

नियम केले. अंगणातल्या आंब्याला फळा टांगला. किटली बंद. इस्त्री बंद. टीव्ही शनिवारीच. दिवेलागणीनंतर थोड्या वेळानं सगळ्यांच्या वायरी काढायच्या, कारण बॅटऱ्यांना विश्रांती हवी. आणि दर घरामागे एक वर्गणी. फी नव्हे, देखभालीची वर्गणी. कंपनीचा वाटा तरी मी कुठून आणू? वर्गणी कंपनीच्या भावापेक्षा कमी आहे, हे कुणी लक्षात घेत नाही.

वहिनीच्या फ्रिजचं काय, असं उनाइसीनं विचारलं. रात्रभर वायर ठेवली तर बाकीचे म्हणतील आम्हालाही ठेवा. नियम म्हणजे नियम. म्हणून मी तोडगा काढला: वहिनीचं इन्शुलिन आमच्या फ्रिजमध्ये. सकाळ-संध्याकाळ यावं, घेऊन जावं. घर तर शेजारीच.

११ ऑगस्ट, रविवार

वहिनी रोज येते. पायरीपाशी उभी राहते आणि विचारते, "भाऊजी, येऊ का?" मी कामात असलो तर थोडं थांबावं लागतं. आज माझी पत्रं चालू होती. उनाइसीनं स्वयंपाकघरातून येऊन बाटली तिच्या हातात दिली.

वहिनी गेल्यावर म्हणाली, "तिला दारात उभं करून विचारायला लावू नका हो. थोरली जाऊ आहे माझी. ह्या घरात लग्न होऊन आले तेव्हा हात धरून आत घेतलं होतं तिनं मला."

"अगं, विचारण्यात काय कमीपणा? त्यानं शिस्त राहते."

"शिस्त," उनाइसी म्हणाली, आणि मासे साफ करायला घेतले. खवले नुसते उडत होते.

मी माझ्याच माणसांसाठी रात्रंदिवस खपतो, आणि माझ्याच घरात मला ही वागणूक. वाईट वाटतं, दुसरं काय.

३० ऑगस्ट, शुक्रवार

आपोरोसाची वायर काढावी लागली. दोन सूचना दिल्या होत्या. तो फ्रीझरच्या वायरीवर बर्फाचं यंत्र चालवत होता आणि म्हणे बर्फ महिला मंडळाला विकायला देत होता. माझ्या उन्हाचा बर्फ!

मासे वाया गेले म्हणून रागावला असेल असं वाटलं होतं. पण आला तो हसतच. आतेभाऊ रागावत नाही.

"साहेब, कंपनीचा मीटर निदान तीनदा टिवटिव तरी करायचा. तू तर आवाजही केला नाहीस."

"नियम फळ्यावर लिहिले आहेत."

"वाचले ना. खूप सुंदर अक्षर आहे तुझं. अगदी लगून पॉवरच्या नोटिशीसारखं." मग अंगणातल्या सडक्या मासळीच्या टोपलीकडे बोट दाखवून म्हणाला, "ही तुझ्यासाठी आणलीय. वर्गणी समज."

टोपली तिथेच सोडून गेला. थट्टेतसुद्धा एक मर्यादा असावी असं मला वाटतं. वास अजून जात नाही.

१४ सप्टेंबर, शनिवार

धक्का बसला आहे, त्यामुळे अक्षर नीट येत नाही.

गावानं राजधानीतल्या वीज आयोगाकडे अर्ज केला. प्रत्येक घराला स्वतःचं पॅनेल लावू द्या म्हणून. अर्ज करणारी कोण, तर तोरिकावहिनी. सभा चर्चच्या मागे झाली. मला बोलावणं नाही. सौर समितीचा अध्यक्ष मी, आणि समितीची सभा माझ्यावाचून कशी होऊ शकते? कोणत्याही नियमात हे बसत नाही.

उनाइसीला विचारलं, तुला माहीत होतं?

"मी डालो सोलायला गेले होते."

"पण सभेतच ना?"

"सभेतच डालो सोलत होते."

मी गावासाठी माझी पेन्शन छपरावर चढवली. यांना आणखी काय हवं? स्वतःचं पॅनेल हवं म्हणे! आज पॅनेल लावाल, उद्या बॅटरी बिघडली की येणार माझ्याकडेच. आणि ज्याला पॅनेल परवडणार नाही त्याच्या घरचा दिवा कोण लावणार, याचा कुणी विचार केला आहे का?

संध्याकाळी रुसियाते स्वतः आला. सुनावणी गावातच होणार आहे. म्हणाला, "तुमच्यासारखा अभ्यासू माणूस बोलला तर फरक पडेल." बिस्किटांचा डबा आणला होता. उनाइसीनं तो उघडला नाही.

८ ऑक्टोबर, मंगळवार

सुनावणी झाली. आजच्या दिवशी मी माझ्या आयुष्यातलं सर्वांत चांगलं भाषण केलं, हे मला तटस्थपणे लिहिता येईल.

चर्चच्या हॉलमध्ये सगळं गाव. आयोगातर्फे केलेरा वुनिवाई नावाच्या बाई आल्या होत्या, चष्मा, थोडं बोलणं. आधी वहिनी बोलली. तिला भाषण येत नाही. एवढंच म्हणाली, "माझं औषध गार राहायला हवं. माझ्याच घरात. कुणाला न विचारता. बाकी मला काही कळत नाही." आणि खाली बसली.

मग मी उभा राहिलो. म्हटलं, सूर्य सर्वांचा आहे, यात वाद नाही. पण ऊन म्हणजे वीज नव्हे. उन्हाची वीज व्हायला व्यवस्था लागते, आणि व्यवस्थेला जबाबदार माणूस लागतो. मागच्या बाकावर आपोरोसा उगाचच खोकला. मग मी माझा हुकमाचा पत्ता काढला. आयोगाची नियमावली मी पानन् पान वाचून गेलो होतो. रुसियातेलाही तो नियम ठाऊक नसावा. चष्मा लावून मोठ्यानं वाचला: ज्या घरात कोणत्याही परवानाधारकाचा वीजपुरवठा चालू आहे, त्या घरास स्वतःचे पॅनेल बसवता येणार नाही. म्हणजे संपलंच! माझा करार बाजूला ठेवला तरी नियमच आड येतो.

केलेराबाईंनी विचारलं, "आणि पुरवठा चालू नसेल तर?"

"तर अट लागू नाही, कंपनीची परवानगीही लागत नाही. पण बाईसाहेब, असं घरच या गावात नाही. ज्यांच्याकडे कंपनीची वीज नाही त्यांच्याकडे माझी आहे, काहींकडे दोन्ही आहे."

"पुरवठादाराच्या करारातली मनाई मग कुणाला लागू?"

"अर्थात माझ्या ग्राहकांना. जो ग्राहकच नाही त्याला करार कसा लागेल?" कस्टममध्ये असतानासुद्धा मी इतकं नेमकं उत्तर दिलं नसेल.

बाईंनी ते लिहून घेतलं. म्हणाल्या, "नियम यांनी बरोबर वाचला आहे. आयोगाला वेगळा निर्णय द्यायची गरज दिसत नाही."

वहिनीनं हात वर केला. "बाई, वीज बंद केल्यावर किती दिवस थांबायचं?"

"थांबायचं काही लिहिलेलं नाही. पुरवठा चालू नसावा, एवढंच."

तेवढ्यात आपोरोसानं टाळी वाजवली. मग लिवाईनं. मग सगळा हॉल टाळ्या वाजवू लागला, बायका माझ्याकडे बघून हसत होत्या. आपोरोसानं तर येऊन मिठी मारली. "सेता, आमच्यात तूच खरा शिकलेला!" एवढ्या वर्षांत त्यानं मला 'सेता' म्हणून हाक मारली नव्हती, लहानपणी मारायचा.

रुसियाते मात्र हात न मिळवताच निघून गेला. चेहरा पांढरा पडला होता. उकाडा फार होता हॉलमध्ये.

१२ ऑक्टोबर, शनिवार

अजून टाळ्यांचा आवाज कानात आहे. फक्त एक कळत नाही. आज तीन घरांनी आपल्या वायरी स्वतःहून गुंडाळल्या. कदाचित साफसफाई चालली असेल.

२८ ऑक्टोबर, सोमवार

गाव शुक्रवारी सगळं मिळून कंपनीच्या कचेरीत गेलं होतं. जुडी घेऊन. आपापले मीटर बंद करून घेतले आणि यांगोना पिऊन आले. मला ते आज समजलं. महिला मंडळानं पॅनेलची मागणी नोंदवली आहे, नाताळाआधीच्या बोटीनं येतील.

मी नियमावली पुन्हा काढून वाचली. नियम तोच आहे. मी तो अगदी बरोबर वाचला होता.

उनाइसीला म्हटलं, "म्हणजे बोट येईपर्यंत सगळे अंधारात बसणार?"

"कंदील आहेत," ती म्हणाली.

"आणि वहिनीचं इन्शुलिन?"

"टेकडीपलीकडे नर्सबाईंकडे गॅसचा फ्रिज आहे. रोज सकाळ-संध्याकाळ चालत जाणार. मी जाणार आहे सोबत."

"टेकडी चढून? शेजारच्या घरात सोय असताना? या वयात?"

उनाइसीनं माझ्याकडे पाहिलं. रागानं नाही, रागानं पाहिलं असतं तर बरं झालं असतं.

२ नोव्हेंबर, शनिवार

दुपारी सगळे आले. मी सुलूला इस्त्री करून ठेवली होती, कारण लिवाईनं आदल्या दिवशी निरोप पाठवला होता की गाव येणार आहे. मी ओसरीत चटई घातली, वरच्या बाजूला स्वतः बसलो. ते खालच्या बाजूला बसले. प्रत्येकानं आपली वायर गुंडाळून, धुऊन, सुतळीनं बांधून आणली होती. त्या माझ्यापुढे ठेवल्या. मग लिवाईनं जुडी पुढे केली.

मला वाटलं आभाराची असेल. पण त्यानं पहिले शब्द उच्चारले आणि मला कळलं. निरोपाची होती. पाहुणा परक्या गावी राहून निघतो तेव्हा यजमानापुढे ठेवतो ती. तुमच्या छपराखाली राहिलो, तुमचं खाल्लं, काही चुकलं असेल तर पोटात घाला, आता आम्हाला जायची परवानगी द्या. सगळे शब्द जसेच्या तसे, एकही कमी नाही, एकही टोमणा नाही. आपोरोसासुद्धा मान खाली घालून बसला होता. त्यानं एखादा विनोद करावा म्हणून मी त्याच्याकडे पाहत राहिलो.

वहिनी पुढे आली. म्हणाली, "भाऊजी, माझी बाटली नेते. इतके दिवस सांभाळलीत." उनाइसीनं आतून बाटली आणून तिच्या हातात दिली. आणि मग उनाइसी माझ्या बाजूला परत आली नाही. खाली जाऊन वहिनीच्या शेजारी बसली, तिकडच्या लोकांत, आणि त्यांच्याबरोबर तिनंही ओंजळीच्या टाळ्या वाजवल्या. ती कुठे जाणार नाहीये. संध्याकाळी तिनंच जेवायला वाढलं. पण निरोप तिनंही घेतला.

निरोपाची जुडी नाकारता येत नाही. मी ती उचलली. यजमानानं म्हणायचं ते मला म्हणायचं होतं: सुखानं जा, वाट सोपी होवो, पुन्हा कधी आलात तर दार उघडं आहे. वडिलांच्या तोंडून लहानपणी कितीदा ऐकलं होतं. ते दूरच्या बेटांवर निघालेल्यांना म्हणायचे. ही माणसं निघाली होती कुंपणापलीकडे. हाक मारली तर ओ देतील एवढ्या अंतरावर. 'सुखानं जा'पाशी मी चुकलो आणि पुन्हा पहिल्यापासून म्हटलं. सगळे थांबले माझं संपेपर्यंत, कुणी घाई केली नाही.

मग करवंटी फिरली. ते उठले, एकेक करून माझ्यासमोरून वाकून गेले, आणि घरी गेले.

४ नोव्हेंबर, सोमवार

आज ऊन फार छान होतं. बॅटऱ्या सकाळीच भरल्या. दिवसभर भरलेल्याच होत्या.